मादी म्हणून आणलेला रॅस नर का होतो, आणि झाल्यावर काय करायचं

"एक नर आणि तीन माद्या असा गट आणला होता. सात-आठ महिन्यांनी बघतो तर दोन नर, एक मादी, आणि चौथा मासा कुठेच नाही."

रॅस, म्हणजे समुद्राच्या पाण्याच्या टँकमध्ये ठेवले जाणारे रंगीत मासे, पाळणाऱ्यांकडून ही तक्रार मी इतक्या वेळा ऐकली आहे की पुढचं वाक्यही आता पाठ झालंय: "दुकानदाराने फसवलं." बहुतेक वेळा कुणी फसवलेलं नसतं. मासे आणले तेव्हा ते तीन मासे खरोखरच माद्या होते. त्यातली एक नंतर नर झाली, कारण तसं होणं हा रॅसचा स्वभाव आहे. रॅसच्या लॅब्रिडी या कुळात पाचशेहून अधिक जाती आहेत आणि ज्यांचा नीट अभ्यास झालाय त्यातल्या बहुतेकींमध्ये मादी पुढे नर होऊ शकते. क्लाउनफिशच्या नेमकं उलट. तिथे नराची मादी होते, त्यामुळे क्लाउनफिशचा अनुभव इथे लावायला गेलात तर सगळे निर्णय उलटे पडतील.

माझं म्हणणं एवढंच आहे: रॅसचं नर किंवा मादी असणं टँकमधल्या उतरंडीवर, म्हणजे कोण कुणाला दबून राहतं यावर, अवलंबून असतं. उतरंड हलली की तेही हलतं. मासे बदलत बसून हा प्रश्न सुटत नाही, उतरंड सांभाळली तर सुटतो.

आधी नक्की काय होतंय ते बघा

रंग बदलला म्हणजे लिंग बदललं असं नाही. चार वेगवेगळ्या गोष्टी सारख्याच दिसतात, आणि चारींचे उपाय वेगळे आहेत.

एक म्हणजे खरा बदल. याची सुरुवात रंगापासून होत नाही, वागण्यापासून होते. आजवर घोळक्यात राहणारी मोठी मादी बाकीच्यांना हुसकायला लागते, पंख ताठ उभारून त्यांच्यापुढे आडवी होते, टँकच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत फेऱ्या मारते. रंग त्याच्या मागून, बहुधा चेहऱ्यावर आणि पंखांवर आधी दिसतो, आणि दोन्ही बाजूंना सारखाच उमटतो.

दुसरी गोष्ट म्हणजे आजार. इथे रंग डागाडागांनी जातो, एका बाजूला जास्त दिसतो, श्वास वाढतो, मासा खाणं सोडतो किंवा खडकाला अंग घासतो. मादी नर होत असेल तर ती सहसा खाणं सोडत नाही. जोरजोरात कल्ले हलवणारा, काळवंडलेला, कोपऱ्यात उभा असलेला मासा बघून "नर होतोय बहुतेक" म्हणत थांबू नका. त्याला वेगळं काढा, त्यासाठी क्वारंटाइन टँक, म्हणजे आजारी मासा वेगळा ठेवायचा टँक, तयार ठेवा.

तिसरी गोष्ट: नराचा रंग उतरणं. फेअरी आणि फ्लॅशर रॅसच्या बाबतीत हे फार होतं. झगमगीत नर आणला, एकटा ठेवला, आणि पाच-सहा महिन्यांत तो फिकट गुलाबी होऊन बसला. लोक समजतात तो परत मादी झाला. तसं नसतं. समोर दाखवायला मादी नाही, डोळे वटारायला दुसरा नर नाही, मग तो भपका कुणासाठी करायचा? यावर पुढे लिहितो.

आणि चौथी, जी कुणाच्या लक्षातच येत नाही: तो मासा मादी कधी नव्हताच. कॅरिबियन समुद्रातल्या ब्लूहेड रॅसमध्ये काही मासे जन्मापासूनच नर असतात, पण दिसतात हुबेहूब माद्यांसारखे, पिवळे आणि छोटे. ते पुढे मोठे होऊन निळ्या डोक्याचे नर होतात. ब्लूहेड ज्यात येतो त्या थॅलासोमा गटातला मासा घेताना रंगावरून मादी ओळखता येते असं म्हणूच नये.

माझ्याकडे काय झालं

माझ्याकडे मेलानुरस रॅसचा गट होता, एक नर आणि तीन माद्या. नर मोठा, चेहऱ्यावर गुलाबी-हिरव्या वळणदार रेघा, अंगाच्या मागच्या भागात हिरवट-निळे उभे पट्टे. माद्यांच्या अंगावर आडव्या नारिंगी-निळ्या रेघा आणि पाठीच्या पंखाच्या मधोमध एक काळा डोळ्यासारखा ठिपका. त्या ठिपक्याभोवती एक बारीक फिकट कडं असतं. काचेला नाक लावून बघितलं तर ते स्पष्ट दिसतं.

पॉवरहेडची (पाणी फिरवणाऱ्या पंपाची) वायर टँकमध्ये उतरते तिथे झाकणाच्या जाळीत दोन बोटं जाईल एवढी फट होती. एका सकाळी नर जमिनीवर सापडला. त्याच दिवशी दुपारी मोठी मादी बाकी दोघींना खडकाच्या पलीकडे ढकलत होती. मी ते पाहिलं आणि समजलो की तीही घाबरली आहे. खरं तर बदल तिथेच सुरू झाला होता.

पुढच्या दोन-तीन आठवड्यांत तिच्या पाठीवरच्या ठिपक्याचं कडं आधी पुसट झालं. मग ठिपकाच धुरकट झाला, जणू कुणी ओल्या बोटाने पुसलाय. गालावरच्या रेघा रुंद होत गेल्या. आणि नेमकं याच वेळी मी नवा नर आणून सोडला, कारण "माद्यांना नर हवा" हे डोक्यात पक्कं बसलेलं होतं. नवा नर तिच्याहून जेमतेम अर्धा सेंटिमीटर मोठा होता. पहिला दिवस दोघं तोंडं उघडून समोरासमोर उभे राहिले. दुसऱ्या दिवशी नव्याच्या शेपटीच्या चिंध्या झाल्या होत्या. तो ओव्हरफ्लोच्या (टँकमधलं पाणी बाहेर जाण्याच्या कप्प्याच्या) मागे जाऊन बसला, खायला बाहेर आला नाही, आणि सहाव्या दिवशी गेला. तो मासा पूर्णपणे निरोगी होता. त्याला मारलं ते माझ्या घाईने.

ती दुपार इतकी महत्त्वाची का

हे सगळं किती वेगाने घडतं ते डी. रॉस रॉबर्टसन यांनी १९७२ मध्ये सायन्स या नियतकालिकात दाखवलं. ग्रेट बॅरिअर रीफवरच्या हेरॉन बेटाजवळ त्यांनी क्लीनर रॅसचे गट पाहिले. एक नर, त्याच्याबरोबर काही माद्या, आणि माद्यांमध्ये आकारानुसार पक्की उतरंड. नर नाहीसा झाला की सगळ्यात वरची मादी अवघ्या काही तासांत नरासारखी आक्रमक वागू लागते, आणि सुमारे दोन ते अडीच आठवड्यांत तिच्याकडे प्रत्यक्ष शुक्राणू तयार होतात. नर असतो तोवर तो रोज माद्यांना दटावत फिरतो, आणि हे दटावणंच त्यांना मादी ठेवतं. दटावणारा गेला की वरच्या मादीवरचा लगाम सुटतो.

ब्लूहेडमध्ये वेग याहूनही जास्त. वागणं काही मिनिटांत ते तासांत बदलतं, आणि आठ-दहा दिवसांत अंडाशयाच्या जागी काम करणारं वृषण असू शकतं. १९९६ मध्ये प्रसिद्ध झालेला एक प्रयोग मला फार महत्त्वाचा वाटतो. त्यात मोठ्या माद्यांचं अंडाशयच काढून टाकलं होतं, तरी वर्चस्वाची जागा रिकामी झाल्यावर त्या नरासारख्या वागल्या. म्हणजे बदलाची सुरुवात मेंदूतून होते, माशाने आजूबाजूला काय पाहिलं त्यावरून. इस्ट्रोजेन तयार करणारं अॅरोमाटेज हे विकर (एन्झाइम) बंद पडणं, अंड्यांच्या पेशी मरणं, वृषणाच्या पेशी वाढणं हे सगळं त्यानंतरचं. २०१९ मध्ये ब्लूहेडच्या जनुकांवर झालेल्या कामातूनही हेच दिसलं: अॅरोमाटेजचं जनुक लवकरच शांत होतं, आणि या सगळ्याला धक्का देण्यात ताणाच्या संप्रेरकाचा हात असावा असा त्या संशोधकांचा अंदाज आहे.

टँकमध्ये मात्र दहा दिवसांचं वेळापत्रक धरून बसू नका. कुठे तीन आठवडे लागतात, कुठे आठ महिने. जात, आकार, खाणं, टँकची लांबी सगळ्याचा परिणाम होतो. वागणं मात्र लगेच बदलतं, आणि लक्ष ठेवायचं ते वागण्यावर.

(क्लीनर रॅसचा उल्लेख आला म्हणून सांगतो: हा मासा घरच्या टँकसाठी घेऊ नका. त्याचं पोट दुसऱ्या माशांच्या अंगावरच्या परजीवींवर चालतं. टँकमध्ये तेवढे ग्राहक नसतात, आणि बहुतेक मासे हळूहळू उपाशी मरतात.)

नर असतानाही मादी नर होत असेल तर

सगळ्यात जास्त गोंधळ इथे होतो. नर समोर आहे, तरी दुसरी का बदलतेय?

पहिल्यांदा आकार बघा. नर आणि मोठी मादी जवळजवळ सारख्या लांबीचे असतील तर नराचं दटावणं तिच्यावर चालतच नाही. माझ्या मते नर नजरेला सहज मोठा दिसायला हवा, मोजपट्टी लावून ठरवावं लागलं तर तो फरक पुरेसा नाही. माद्याही एकमेकींत लहान-मोठ्या हव्यात. तिघी एकाच मापाच्या असतील तर त्यांची उतरंड ठरायलाच भांडणं लागतात, आणि त्या भांडणात सगळ्यात खालची मरते. तक्रारीतला तो "चौथा मासा कुठेच नाही" बहुधा असाच गेलेला असतो.

मग नराकडे बघा. तो खरोखर टँकभर फिरतो का? सिक्सलाइनसारखा (हाही एक छोटा रॅसच) भांडखोर मासा किंवा डॅम्सेल जातीचा एखादा छोटा आक्रमक मासा त्याला खडकात कोंडून ठेवत असेल, तर माद्यांच्या दृष्टीने नर नाहीच. इथे दोष त्या तिसऱ्या माशाचा असतो, आणि काढायचा तो. सिक्सलाइनबद्दल माझं मत स्पष्ट आहे: रॅसचा गट ठेवायचा असेल तर तो टँकमध्ये नको, निदान सगळ्यांच्या आधी तरी नको.

तिसरं, खडकांची रचना. मधोमध भिंतीसारखी उभी रास केली की टँकचे दोन टँक होतात. पलीकडच्या बाजूच्या मोठ्या मादीला नर दिवसभरात क्वचितच दिसतो. मी रास दोन छोट्या बेटांत मोडली, मध्ये पोहायला मोकळी जागा ठेवली. लपायला फटी हव्यात, पण नराला फेरी मारताना सगळा टँक एका दमात पार करता आला पाहिजे.

शेवटी सोडण्याचा क्रम. माद्या आधी सोडून महिनाभराने नर आणला तर मधल्या काळात वरची मादी कामाला लागलेली असते. सगळे एकत्र सोडा. ते जमत नसेल तर अंतर दोन-चार दिवसांहून जास्त नको.

नर मेला किंवा उडी मारून गेला तर

नवा नर आणू नका. माद्यांपैकी एक निश्चितपणे मोठी असेल तर तुमचा पुढचा नर टँकमध्येच आहे. दोन महिने धीर धरा, चांगलं खायला घाला, मायसिस (कोळंबीसारखे बारीक जीव) आणि इतर बारीक मांसल खाणं दिवसातून दोन-तीनदा द्या. फट बुजवा. जाळी पाव इंचाची हवी आणि वायरीच्या खाचेवरही हवी. फेअरी, फ्लॅशर, मेलानुरस सगळे उड्या मारतात, आणि भांडणाच्या दिवसांत तर जास्तच.

दोन मोठ्या माद्या अगदी सारख्या असतील तर दोघीही एकाच वेळी बदलायला निघू शकतात. तेव्हा त्यातली एक लगेच काढायची. रंग पूर्ण यायची वाट बघत बसलात तर दोन नर पदरात पडतील.

फिका पडलेला नर

एकटा फेअरी रॅस फिका पडला असेल तर आधी खाणं आणि दिवे तपासा, पण बहुतेकदा कारण एकटेपणाच असतं. त्याच जातीची मादी मिळाली तर उत्तम. मिळत नसेल तर दुसऱ्या जातीचा फेअरी किंवा फ्लॅशर नर, मोठ्या टँकमध्ये, रंगाने वेगळा दिसणारा. दोघं दिवसातून दहा वेळा एकमेकांसमोर पंख उघडतात, आणि त्यात रंग टिकतो. टँकच्या बाहेरून काचेला पाच-दहा मिनिटं आरसा टेकवून बघा. मासा लगेच पेटला तर त्याचे रंग गेलेले नाहीत, तो ते वापरत नाहीये एवढंच. दिवसभर आरसा लावून ठेवू नका, तो दमतो आणि खाणं विसरतो.

नर परत मादी होतो का, हे हमखास विचारलं जातं. काही जातींत होतो. क्लीनर रॅसमध्ये दोन नर एकत्र ठेवल्यावर त्यातला लहान परत मादी झाल्याचं जपानी संशोधकांनी २००२ मध्ये प्रसिद्ध केलं. पण मादीचा नर होण्यापेक्षा याला कितीतरी जास्त वेळ लागतो, आणि तोवर टँकमधला मोठा नर त्याला जिवंत ठेवेल याची खात्री नाही. या आशेवर दोन नर एकत्र टाकू नका.

विकत घेताना

मेलानुरसची मादी वर सांगितलेल्या ठिपक्यावरून ओळखू येते. पण ठिपका काठाने पुसट असेल तर ती वाटेवर आहे, घेऊ नका. पिवळ्या कोरिस म्हणून विकल्या जाणाऱ्या क्रिससमध्ये मादीच्या पाठीच्या पंखावर एकाहून अधिक ठिपके असतात, नराला पुढचा एकच उरतो आणि चेहऱ्यावर रेघा येतात. लेपर्ड रॅसमध्ये फरक ठळक: त्यातल्या मेलिआग्रिस या जातीची मादी पांढरट अंगावर काळ्या चट्ट्यांची, नर विटकरी-लाल अंगावर हिरव्या ठिपक्यांचा. लेपर्डच्या बाबतीत मी नर विकत घेतच नाही. दोन-तीन लहान माद्या, वेगवेगळ्या मापाच्या, एकत्र. नर त्यांच्यातूनच होतो. त्यांना बारीक वाळू हवी, दोन-अडीच इंच, कारण त्या रात्री वाळूत शिरून झोपतात. नवीन आल्यावर तर दिवस-दिवस वर येत नाहीत. मेल्या समजून वाळू उकरू नका.

खरी अडचण फेअरी आणि फ्लॅशरच्या माद्यांची. बऱ्याच जातींच्या माद्या सारख्याच गुलाबी-नारिंगी, फेअरीत शेपटीच्या मुळाशी एक काळा ठिपका. दुकानातल्या चिठ्ठीवर लिहिलेली जात बरोबर असेलच असं नाही, आणि त्यात बेफिकिरी असतेच असंही नाही. बर्ड रॅसचा हिरवा नर आणि त्याची फिकट-काळपट मादी यांना शास्त्रज्ञांनीच एके काळी दोन वेगळ्या जातींची नावं दिली होती. मालदीवचा गुलाबी फेअरी रॅस फिनिफेन्मा या नावाने वेगळी जात म्हणून २०२२ मध्ये जाहीर झाला. तोवर त्याला हिंदी महासागरातल्या चागोस बेटांवरच्या रुब्रिस्क्वामिस या जातीतच धरत होते, कारण ती जात मुळात एका लहान पिलाच्या नमुन्यावरून वर्णन केलेली होती. तेव्हा मादी घ्यायची तर त्याच नराबरोबर एकाच खेपेत आलेली घ्या, चूक होण्याची शक्यता त्यातल्या त्यात कमी. चुकून दुसऱ्या जातीची आली तर ती तुमच्या नराला जुमानेलच असं नाही, आणि वर्षभरात तुमच्याकडे दोन नर असतील. वेगवेगळ्या जातींचे असल्याने ते बहुधा नांदतातही, म्हणून त्यात घाबरण्यासारखं काही नाही.

दोन नर झालेच असतील तर

एकाच जातीचे दोन पूर्ण रंगाचे नर, आणि टँक मोठा नाही, तर एक काढावाच लागेल. मोठ्याला काढायचं की नव्याला? माद्या ज्याच्यामागे जातात तो ठेवा. दोन दिवस बघून ठरवा. जाळं घेऊन टँकभर धावू नका, सगळ्यांचे पंख फाटतात. पारदर्शक मासे-सापळ्यात सकाळी मायसिस टाकून ठेवला तर रॅस खादाड असल्यामुळे बहुतेक वेळा तासाभरात आत येतात. वाळूत झोपणाऱ्या जातींसाठी दुसरी पद्धत: दिवे जाताना तो नेमका कुठे शिरतो ते तीन-चार संध्याकाळी टिपून ठेवा (जागा सहसा तीच असते), आणि अंधार झाल्यावर लाल उजेडात ती वाळू हलक्या हाताने माशासकट एका डब्यात उचलून घ्या.

काढलेल्या माशाला महिन्याभराने "आता निवळला असेल" म्हणून परत सोडू नका. मी एकदा पाच आठवड्यांनी सोडला होता. जुन्या नराने त्याला अॅक्लिमेशन बॉक्सच्या (नव्या माशाला आधी ज्यात ठेवतात त्या पारदर्शक पेटीच्या) भिंतीतून बघितलं आणि बॉक्सच्या कडेला तोंड आपटायला लागला, तेव्हा दहा मिनिटांत परत काढला. त्याला वेगळा टँक मिळाला, सोबत लहान अशी एक मादी, आणि तिच्या पाठीवरचा ठिपका आज दीड वर्षानंतरही कड्यासकट स्वच्छ आहे.